भूमी नसलेलं सरकार आणि वळिवड्याची छावणी

कोल्हापूरपासून सात-आठ किलोमीटरवर, पंचगंगेच्या खोऱ्यात वळिवडे नावाचं गाव आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, १९४३ ते १९४८ या वर्षांत, या गावच्या शिवारात सुमारे पाच हजार पोलिश माणसं राहत होती. बहुतेक बाया आणि मुलं, थोडे म्हातारे. त्यांच्या शाळा पोलिश भाषेत चालत, परीक्षा पोलिश अभ्यासक्रमाप्रमाणे होत. छावणीचा कारभार पोलंडच्या समाजकल्याण खात्याच्या मुंबईतल्या कचेरीकडे होता आणि त्या कचेरीला हुकूम यायचे लंडनहून. लंडनमध्ये बसलेल्या या पोलिश सरकारच्या ताब्यात त्या वेळी पोलंडची एक वीतभरही जमीन नव्हती.

वळिवड्याची हकिगत आपल्याकडे माणुसकीची म्हणून सांगतात, आणि ती तशी आहेच. पण हजारो मैलांवर, सैबेरियाच्या जंगलात लाकडं तोडणाऱ्या बायकांना करवीरच्या रानात आणून पोहोचवायला नुसती माणुसकी पुरली नसती. त्यासाठी करार लागले, सह्या लागल्या, अपमान गिळावे लागले. ती बाजू या प्रकरणात पाहू.

सरकार सीमेपलीकडे जातं

१ सप्टेंबर १९३९ रोजी जर्मनीनं पश्चिमेकडून पोलंडवर हल्ला केला आणि १७ सप्टेंबरला सोव्हिएत फौजा पूर्वेकडून घुसल्या. पोलंडचे राष्ट्राध्यक्ष आणि मंत्री रुमानियाच्या हद्दीत गेले, तिथं त्यांना नजरकैदेत ठेवण्यात आलं. पोलंडच्या १९३५ च्या राज्यघटनेत एक तरतूद होती: युद्धकाळात राष्ट्राध्यक्षाला आपला उत्तराधिकारी नेमता येतो. तिचा आधार घेऊन पॅरिसमध्ये असलेल्या व्लादिस्लाव राचकेव्हिच यांच्याकडे राष्ट्राध्यक्षपद सोपवलं गेलं आणि जनरल व्लादिस्लाव सिकोर्स्की पंतप्रधान झाले. देश गेला तरी राज्याची कायदेशीर साखळी तुटली नाही. जून १९४० मध्ये फ्रान्स पडल्यावर हे सरकार लंडनला आलं.

त्याच्याजवळ भूमी नव्हती, पण हात अगदीच रिकामे नव्हते. ब्रिटनच्या हवाई लढाईत पोलिश वैमानिकांनी पराक्रम गाजवला होता. जर्मनांच्या एनिग्मा यंत्राची गुपितं पोलिश गणितज्ञांनी युद्ध सुरू होण्याआधीच, जुलै १९३९ मध्ये, ब्रिटिश आणि फ्रेंचांच्या हाती दिली होती. सैनिक होते, जहाजं होती, जगभर वकिलाती होत्या. आणि सगळ्यात मोलाची होती ती मान्यता. ब्रिटन आणि अमेरिका या सरकारलाच पोलंडचं सरकार मानत होते.

३० जुलै १९४१ ची सही

सोव्हिएतांनी घेतलेल्या पूर्व पोलंडमध्ये दरम्यान वेगळाच कहर चालला होता. फेब्रुवारी १९४० पासून जून १९४१ पर्यंत चार मोठ्या लाटांत लाखो पोलिश नागरिकांना घरातून उचलून सैबेरिया आणि कझाकस्तानात नेण्यात आलं. पहिली लाट १० फेब्रुवारीच्या कडाक्याच्या थंडीत निघाली. दुसरी १३ एप्रिलला, आणि तीत मुख्यतः सोव्हिएत कैदेत पडलेल्या पोलिश अधिकाऱ्यांच्या बायका आणि मुलं होती. ही तारीख ध्यानात ठेवावी, ती पुढे पुन्हा येणार आहे.

२२ जून १९४१ ला हिटलर रशियावर उलटला आणि सगळा पट फिरला. कालचा शत्रू ब्रिटनचा दोस्त झाला. आता लंडनमधल्या पोलिश सरकारनं मॉस्कोशी जुळवून घ्यावं असा ब्रिटनचे पंतप्रधान चर्चिल आणि परराष्ट्रमंत्री ईडन यांचा आग्रह सुरू झाला.

सिकोर्स्की यांच्यापुढचा पेच सोपा नव्हता. करार करायचा तर १९३९ पूर्वीच्या सीमा मॉस्कोकडून लेखी मान्य करून घ्याव्यात, असं त्यांच्या मंत्रिमंडळातल्या काहींचं ठाम मत होतं. मॉस्को त्याला तयार नव्हतं. आणि थांबावं तर तिकडे हिवाळा जवळ येत होता, माणसं मरत होती.

३० जुलै १९४१ रोजी लंडनमध्ये, चर्चिल यांच्या साक्षीनं, सिकोर्स्की आणि सोव्हिएत राजदूत इव्हान मायस्की यांनी करारावर सह्या केल्या. जर्मनीशी १९३९ साली केलेले पोलंडविषयीचे करार रद्द झाल्याचं सोव्हिएतांनी मान्य केलं, पण नवी सीमा कोणती याचा उल्लेख टाळला. त्याबदल्यात तीन गोष्टी मिळाल्या. दोन्ही देशांचे राजदूत नेमायचे ठरलं, सोव्हिएत भूमीवर पोलिश सैन्य उभारायला परवानगी मिळाली, आणि कैदेतल्या, हद्दपार केलेल्या पोलिश नागरिकांची सुटका कबूल झाली. या सुटकेला कागदावर माफी म्हटलं होतं. ज्यांनी कसलाच गुन्हा केला नव्हता त्यांनी माफी स्वीकारायची होती. सिकोर्स्की यांनी तेही गिळलं.

निषेध म्हणून परराष्ट्रमंत्री ऑगुस्त झालेस्की यांच्यासह तीन मंत्र्यांनी राजीनामे दिले. त्यांचं म्हणणं चुकीचं होतं असं इतिहास वाचून म्हणवत नाही. त्यांना जी भीती होती ती पुढे खरी ठरली. ब्रिटिश सरकारनं तर एकाच दिवशी दोन्ही दगडांवर पाय ठेवले. १९३९ नंतरचे पोलंडमधले प्रादेशिक बदल आम्हाला मान्य नाहीत असं पत्र ईडन यांनी पोलिशांना दिलं, आणि यात सीमांची कसलीही हमी नाही असं पार्लमेंटात सांगितलं.

पण त्या सहीमुळे कोंडवाड्याचं दार उघडलं. त्या वेळी दुसऱ्या कशानंही ते उघडलं नसतं.

कास्पियनच्या काठावर

लुब्यांका तुरुंगातून सुटलेल्या जनरल व्लादिस्लाव अँडर्स यांनी सैन्य उभारायला घेतलं. छावण्यांतून सुटलेली माणसं मिळेल त्या वाटेनं, फाटक्या कपड्यांत, उपाशीपोटी दक्षिणेकडे निघाली. जिथं पोलिश सैन्याचा तळ तिथं भाकरी मिळेल, एवढी एक आशा. सैनिकांच्या शिध्यात बायकामुलं वाटेकरी झाली. मार्च १९४२ मध्ये स्टालिननं शिधा कापला आणि चव्वेचाळीस हजारांपलीकडे कुणाला खायला देता येणार नाही असं सांगितलं. उरलेल्यांना इराणात नेऊ द्या, अशी मागणी अँडर्स यांनी केली आणि ती मान्य झाली.

ब्रिटिशांना मध्यपूर्वेत सैनिक हवे होते. बिनलढाऊ माणसांची जबाबदारी घ्यायला ते नाखूश होते. अँडर्स यांनी शक्य तितकी कुटुंबं जहाजावर चढवली. १९४२ च्या मार्च-एप्रिलमध्ये आणि पुन्हा ऑगस्टमध्ये, क्रास्नोव्होद्स्क बंदरातून कास्पियन समुद्र ओलांडून सुमारे १ लाख १५ हजार माणसं इराणच्या पहलवी बंदरात उतरली. त्यांत सदतीस हजारांच्या आसपास नागरिक होते. किनाऱ्यावर त्यांचे उवांनी भरलेले कपडे जाळले, डोकी भादरली, आंघोळी घातल्या. टायफस आणि हगवणीनं कित्येकजण किनाऱ्यावर पोहोचल्यावरही वाचले नाहीत.

आता या माणसांना ठेवायचं कुठं, हा प्रश्न पोलिश मुत्सद्द्यांच्या पुढ्यात आला. इराणमध्ये आधीच अन्नाची टंचाई होती. मग देशोदेशी शब्द टाकले गेले. सिकोर्स्की स्वतः डिसेंबर १९४२ मध्ये मेक्सिकोला गेले आणि तिथल्या सरकारनं निर्वासितांना थारा द्यायचं कबूल केलं. पूर्व आफ्रिकेत ब्रिटिश वसाहतींमध्ये छावण्या निघाल्या. १९४४ मध्ये न्यूझीलंडनं सातशेहून अधिक मुलांना आसरा दिला. आणि या सगळ्यांच्या आधी पाऊल उचललं होतं हिंदुस्थानातल्या एका संस्थानिकानं.

नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी तेव्हा नरेंद्र मंडळाचे चॅन्सेलर होते आणि लंडनच्या युद्धमंत्रिमंडळातही बसत होते. अश्काबादहून मशहद, क्वेट्टा या रस्त्यानं पोलिश अनाथ मुलांची पहिली तुकडी १९४२ च्या वसंतात मुंबईला आली. जामसाहेबांनी जामनगरजवळ समुद्रकाठी बालाचडीला त्यांच्यासाठी वसाहत बांधून दिली. या सगळ्यामागं मुंबईतल्या पोलिश वकिलातीची धडपड होती. कॉन्सल जनरल युजेनिउश बानासिन्स्की आणि पोलिश रेडक्रॉसचं काम पाहणाऱ्या त्यांच्या पत्नी किरा यांनी सरकारी दफ्तरं, संस्थानिक, दानशूर व्यापारी असे सगळे उंबरे झिजवले.

उखडलेल्या माणसाला आपला अर्ज घेणारी, आपल्या नावानं भांडणारी एक तरी कचेरी लागते, हे कोयनानगरच्या परिसरात राहणाऱ्यांना वेगळं सांगायला नको. कोयना धरणाच्या पाण्याखाली गेलेल्या गावांतली माणसं ठाणे, रायगड, सोलापूर, सांगलीकडे वसवली गेली. जमिनीच्या कागदासाठी कुठल्या दारात उभं राहायचं हा प्रश्न त्यांच्या पुढच्या पिढ्यांनाही पुरून उरला. पोलिश निर्वासितांना असं दार मुंबईत होतं, कारण लंडनमध्ये त्यांचं सरकार मान्यताप्राप्त होतं.

वळिवडे

मोठ्या कुटुंबवस्तीसाठी जागा ठरली कोल्हापूर संस्थानात. हवा मानवणारी, पाणी जवळ, आणि मिरजमार्गे आगगाडी थेट येणारी. कोल्हापूरच्या गादीवर तेव्हा अल्पवयीन छत्रपती होते आणि महाराणी ताराबाईंच्या देखरेखीखाली रीजन्सीचा कारभार चालू होता. १९४३ च्या पावसाळ्याच्या तोंडी पहिल्या तुकड्या वळिवड्यात उतरल्या. त्यातले बरेचजण इराणमधून कराचीच्या तात्पुरत्या छावण्यांत थांबून आले होते. आजारी आणि अशक्त मुलांसाठी सातारा जिल्ह्यात पाचगणीलाही पोलिश आरोग्यकेंद्र निघालं.

छावणी म्हटलं की तारांचं कुंपण डोळ्यांपुढे येतं. वळिवड्याचं चित्र तसं नव्हतं. लांबलचक कौलारू बराकींच्या रांगा, प्रत्येक कुटुंबाला राहायची खोली, चूल मांडायला जागा आणि पुढं छोटा व्हरांडा. चर्च, दवाखाना, नाट्यगृह. प्राथमिक शाळांपासून विद्यालयापर्यंत शिक्षणाची सोय. पोलिश स्काउट पथकांच्या सहली, शेकोट्या. मुंबईहून पोलिश भाषेतलं नियतकालिक निघे, त्यात युद्धाच्या बातम्या असत. छावणीत तरणे पुरुष का नव्हते, याचं उत्तर त्या बातम्यांमध्येच होतं. ते अँडर्स यांच्या सैन्यात होते आणि आता इटलीच्या वाटेवर होते.

पोलिश सरकारचा हा कारभार ब्रिटनकडून मिळणाऱ्या कर्जावर चालत होता. पण शिक्षकाची नेमणूक, पुस्तकाची निवड, परीक्षेचं प्रमाणपत्र यांवर शिक्का पोलंडचा होता. उद्या परत जायचं आहे आणि तेव्हा ही मुलं पोलिश नागरिक म्हणून उभी राहिली पाहिजेत, हा त्यामागचा हिशेब होता. ज्या सरकारला आपल्या देशात एक शाळा उघडता येत नव्हती, ते करवीर तालुक्यात शाळा चालवत होतं.

एकाच मुलखातली दोन सरकारं

वळिवडे वसत होतं त्याच महिन्यांत, काही तासांच्या अंतरावर, दुसरं एक सरकार उभं राहत होतं. ऑगस्ट-सप्टेंबर १९४२ मध्ये कराड, पाटण, तासगाव, वडूज, इस्लामपूरच्या कचेऱ्यांवर मोर्चे निघाले होते, वडूज-इस्लामपूरला गोळीबार झाले होते. मग क्रांतिसिंह नाना पाटील, किसन वीर, जी. डी. लाड, नागनाथअण्णा नायकवडी यांच्या नेतृत्वाखाली भूमिगतांचं प्रतिसरकार आकाराला आलं. ७ जून १९४३ ला त्यांच्या तुफान सेनेनं शेणोलीजवळ सरकारी पैसे नेणारी गाडी अडवून लुटली. शेणोली पुणे-मिरज लोहमार्गावर आहे. पुण्याकडून मिरजमार्गे कोल्हापूरला जाणारा लोहमार्ग तोच.

हा योगायोग केवळ नकाशावरचा नाही. लंडनच्या पोलिश सरकारजवळ मान्यता होती, भूमी नव्हती. साताऱ्याच्या प्रतिसरकारजवळ शेकडो गावं होती, न्यायनिवाडे होते, लोकांचा विश्वास होता, पण त्याला जगात कुणाची मान्यता नव्हती. पोलंडच्या स्वातंत्र्यासाठी ब्रिटननं युद्ध पुकारलं, त्या युद्धात हिंदुस्थानला न विचारता ओढलं. ऑगस्ट १९४१ च्या अटलांटिक सनदेत राष्ट्रांच्या स्वयंनिर्णयाची भाषा आली, आणि पुढच्याच महिन्यात ती हिंदुस्थानला लागू नाही असं चर्चिलनी पार्लमेंटात सुनावलं. एकाच साम्राज्याच्या एका हातात पोलिश स्वातंत्र्याचा कागद होता, दुसऱ्या हातात सातारच्या भूमिगतांसाठी बेड्या होत्या.

आणि तरी याच मुलखातली पोरं पोलिश सैनिकांबरोबर लढत होती. मे १९४४ मध्ये माँटे कॅसिनोच्या लढाईत हिंदी आणि पोलिश पथकं ब्रिटिश आठव्या सैन्यात एकत्र होती. १८ मे रोजी मठाच्या अवशेषांवर पोलिशांनी आपला झेंडा लावला. ९ एप्रिल १९४५ ला सेनिओ नदीवर सुरू झालेल्या चढाईत मराठा लाइट इन्फंट्रीचे नामदेव जाधव यांनी व्हिक्टोरिया क्रॉस मिळवला. त्याच दिवशी, त्याच नदीवर पोलिश सैन्यही पुढे सरकत होतं.

कातीन

१३ एप्रिल १९४३ रोजी बर्लिन रेडिओनं जाहीर केलं की स्मोलेन्स्कजवळ कातीनच्या जंगलात पोलिश अधिकाऱ्यांची सामूहिक थडगी सापडली आहेत. बरोबर तीन वर्षांपूर्वी याच तारखेला त्या अधिकाऱ्यांच्या बायकामुलांना घरातून उचललं होतं.

सिकोर्स्की यांनी डिसेंबर १९४१ मध्ये क्रेमलिनमध्ये स्टालिनला प्रत्यक्ष विचारलं होतं की आमचे हजारो अधिकारी कुठं आहेत. ते मांचुरियाला पळून गेले असतील, असं स्टालिन म्हणाला होता. खरं तर ५ मार्च १९४० च्या पॉलिटब्युरोच्या निर्णयानुसार सुमारे बावीस हजार पोलिश कैद्यांना गोळ्या घातल्या गेल्या होत्या. सोव्हिएत सरकारनं याची कबुली दिली ती १९९० साली.

चर्चिल यांनी सिकोर्स्कींना गप्प राहण्याचा सल्ला दिला. मेलेली माणसं परत येणार नाहीत आणि रशियाशिवाय युद्ध जिंकता येणार नाही, हा त्यांचा मुद्दा होता. पोलिश सरकारनं आंतरराष्ट्रीय रेडक्रॉसकडे चौकशी मागितली. मॉस्कोला तेवढं निमित्त पुरलं. एप्रिलअखेरीस त्यांनी पोलिश सरकारशी संबंध तोडले.

इथं सिकोर्स्की चुकले असं म्हणणारे तेव्हाही होते. मला तसं वाटत नाही. सीमेच्या ओळीबद्दल तडजोड करता येते, ती ओळ उद्या पुन्हा आखता येईल अशी आशा ठेवता येते. आपल्या मारल्या गेलेल्या माणसांबद्दल विचारायचंसुद्धा नाही, हे कबूल केलं तर सरकार कुणाचं म्हणून उरणार? जुलै १९४१ मध्ये त्यांनी जिवंत माणसांसाठी मान तुकवली आणि एप्रिल १९४३ मध्ये मृतांसाठी ताठ ठेवली. दोन्ही वेळा त्यांच्या डोळ्यांपुढे माणसंच होती.

४ जुलै १९४३ ला जिब्राल्टरहून उडालेलं त्यांचं विमान समुद्रात कोसळलं. दोस्तांच्या बैठकीत वजन असलेला पोलिश आवाज त्यांच्याबरोबर गेला.

मान्यता परत घेतली जाते

आधी तेहरानची परिषद आणि मग फेब्रुवारी १९४५ मध्ये याल्टाची. रूझवेल्ट, चर्चिल आणि स्टालिन यांनी पोलंडची पूर्व सीमा पश्चिमेकडे सरकवली. टेबलाशी पोलिश प्रतिनिधी नव्हता. वळिवड्यातल्या बहुतेक कुटुंबांची गावं नव्या रेषेच्या पलीकडे, सोव्हिएत संघात गेली. युद्ध जिंकलं आणि घर गेलं.

५ जुलै १९४५ रोजी ब्रिटन आणि अमेरिकेनं लंडनच्या पोलिश सरकारची मान्यता काढून वॉर्सातल्या नव्या सरकारला दिली. एका दिवसात मुंबईच्या वकिलातीचा आधार गेला, आणि वळिवड्यातली पाच हजार माणसं नेमकी कुणाची हा प्रश्न उभा राहिला. वॉर्साचं नवं सरकार त्यांना आपली म्हणत होतं, पण ज्या सत्तेनं आपल्याला सैबेरियात नेलं तिच्या छायेतल्या देशात जायला बहुतेकजण तयार नव्हते. छावणीचा भार आधी ब्रिटिश खजिन्याकडं, मग संयुक्त राष्ट्रांच्या मदत संघटनेकडं गेला. बालाचडी बंद झाल्यावर तिथली मुलंही वळिवड्यात आली. १९४७ च्या कायद्यानं ब्रिटननं पोलिश सैनिकांना आणि त्यांच्या कुटुंबांना आपल्या देशात राहू दिलं. मग बरेचजण तिकडं गेले, काही पूर्व आफ्रिकेच्या छावण्यांत, थोडे पोलंडला. १९४८ च्या सुरुवातीच्या महिन्यांत वळिवडे रिकामं झालं.

फार काळ नाही. फाळणीनं उखडलेल्या सिंधी कुटुंबांना तिथं आणलं गेलं. तेच आजचं गांधीनगर, पश्चिम महाराष्ट्रातल्या दुकानदारांची घाऊक कापडपेठ.

मोजमाप

लंडनचं पोलिश सरकार अयशस्वी ठरलं, असं अनेक पुस्तकांत वाचायला मिळतं. सीमा मोजली तर ते खरं आहे. ज्या युद्धाच्या आरंभी पोलंड होता, त्याच्या अखेरीस पोलंडच्या स्वातंत्र्याचा सौदा झाला. पण दुबळ्या पक्षाची मुत्सद्देगिरी बलाढ्यांच्या मापानं मोजू नये. बलाढ्य राष्ट्र वाटाघाटीतून प्रदेश मिळवतं. दुबळ्याला वाटाघाटीतून वेळ, वाट आणि माणसं मिळवायची असतात. १९४१ च्या करारानं उघडलेली फट दीड वर्षही टिकली नाही. जानेवारी १९४३ मध्ये सोव्हिएतांनी आपल्या भूमीवरच्या उरलेल्या पोलिशांना सोव्हिएत नागरिक ठरवून टाकलं. तेवढ्या अवधीत लाखाहून अधिक माणसं बाहेर निघाली. सीमेचा वाद लढत बसले असते तर ती निघाली नसती.

मान्यता ही दुसऱ्यानं दिलेली गोष्ट असते आणि दुसरा ती काढून घेऊ शकतो. पण ती हातात आहे तोवर तिचा वापर कशासाठी केला, हे त्या सरकारच्या हातात असतं. १९७१ साली मुजीबनगरचं बांगलादेश सरकार कोलकात्याहून कारभार करत होतं, तेव्हा लोक आणि लढा त्याच्याजवळ होता. भारताची मान्यता ६ डिसेंबरला आली आणि दहा दिवसांत भूमीही मिळाली. पोलिशांचा क्रम उलटा होता. मान्यता आधी गेली आणि भूमीची वाट पाहत ते सरकार लंडनमध्ये बिनमान्यतेचं बसून राहिलं, एक-दोन नव्हे, पंचेचाळीस वर्षं. २२ डिसेंबर १९९० रोजी निर्वासित सरकारचे शेवटचे अध्यक्ष रिशार्द काचोरोव्स्की यांनी राष्ट्राध्यक्षपदाची जुनी चिन्हं वॉर्सामध्ये लोकांनी निवडून दिलेल्या लेख वालेन्सा यांच्या हाती दिली. काचोरोव्स्की स्वतः सोव्हिएत छावणीतून सुटले होते ते १९४१ च्या त्याच करारामुळे.